कोकणातल्या घरातील कचऱ्याचे वर्गीकरण

घनकचरा व्यवस्थापन नियम, 2016 यांनी घरातील कचऱ्याचे ओला, सुका आणि घरगुती घातक असे तीन भाग घालून दिले होते. कोकणात हे वर्गीकरण अडते ते पावसाळ्यात, कारण ओल्या कचऱ्यात पाणी साचते आणि सुका कचरा सुका राहत नाही. म्हणून त्याची तयारी मृगापूर्वीच करावी लागते.

खताचा खड्डा विहिरीपासून दूर, उंचवट्यावर घ्यावा आणि त्यावर पत्र्याचे किंवा झापांचे छप्पर घालावे. उन्हाळ्यात अंगणात पडणारा पातेरा, म्हणजे वाळलेला पालापाचोळा, जाळून टाकण्याची आपल्याकडची सवय सोडून तो पोत्यांत भरून पडवीत ठेवला, तर पावसाळाभर कामी येतो. स्वयंपाकघरातील कचऱ्यात नत्र आणि पाणी जास्त असते, पातेऱ्यात कर्ब असतो, आणि एक टोपली ओल्या कचऱ्यावर साधारण दोन टोपल्या पातेरा पसरल्यास खड्ड्यात हवा खेळती राहून दुर्गंधी येत नाही. आठवड्याला एकदा थर खालीवर करावेत. फणसाची चारखंडे, म्हणजे साल आणि चोथा, बारीक तोडून टाकावीत. आंब्याचे बाठे मात्र लवकर कुजत नाहीत, तेव्हा त्यांची वेगळी रास करणेच सोयीचे. माशांची खवले, आतडी आणि कोळंबीची टरफले उघड्या खड्ड्यात टाकल्यास कुत्री-मांजरे ती उकरतात. ती माडाच्या आळ्याच्या कडेला फूटभर खोल पुरून वर दगड ठेवावा. नारळाची सोडणे आणि करवंट्या चुलीत जातात, त्यांची चिंता नाही.

दुधाच्या पिशव्यांचा कोपरा पूर्ण न तोडता कापावा, पिशव्या धुवाव्यात आणि वाळवून आढ्याला टांगलेल्या पोत्यात ठेवाव्यात. कागद, पुठ्ठा, काच, पत्रा आणि जाड प्लास्टिक भंगारवाला घेतो. वेफर्सची चकचकीत पाकिटे तो सहसा घेत नाही, ती नगरपरिषदेच्या किंवा ग्रामपंचायतीच्या सुक्या कचऱ्यात द्यावीत. वेंगुर्ला नगरपरिषदेने वेगळ्या केलेल्या प्लास्टिकचे तुकडे डांबरी रस्त्यांसाठी वापरून दाखवले आहेत. बंब पेटवताना प्लास्टिक घालणे मात्र सर्वस्वी चूक आहे, कारण त्याचा, विशेषतः पीव्हीसीचा, धूर विषारी असतो आणि त्याची राख झाडांनाही घालता येत नाही.

बॅटरीचे सेल, पारा असलेले सीएफएल दिवे, मुदत संपलेली औषधे आणि रंगाचे डबे वेगळ्या झाकणाच्या डब्यात ठेवावेत. आंब्याच्या फवारणीची रिकामी बाटली तीनदा विसळून ते पाणी फवारणीच्या पंपातच ओतावे आणि पुन्हा कोणी तेल भरू नये म्हणून बाटलीला भोके पाडावीत. सॅनिटरी पॅड आणि डायपर वर्तमानपत्रात गुंडाळून, वर लाल खूण करून द्यावेत.

या सर्वांतून उरते ते फुटकी कपबशी, मळलेले थर्माकोल आणि झिजलेले पायपुसणे एवढेच, आणि भराव क्षेत्रात जाण्याजोगा कचरा खरोखर तेवढाच असतो.