फील्ड प्रोजेक्ट फसतो कुठं? धोरणाच्या अभ्यासातल्या या चुका टाळा

दर फेब्रुवारीत माझ्या टेबलावर स्पायरल बाइंडिंगचा ढीग येऊन पडतो. समाजशास्त्र असो, राज्यशास्त्र असो की समाजकार्य, सामाजिक धोरणावरचा प्रकल्प म्हटला की मुखपृष्ठावर एखाद्या योजनेचं नाव आणि त्याखाली ‘एक चिकित्सक अभ्यास’ असं ठळक अक्षरांत. आत चिकित्सा सापडली तर नशीब. मुलं आळशी आहेत असं मात्र नाही. जत तालुक्यातून एसटीनं सांगलीला येणारी मुलगी उन्हातान्हात पन्नास घरं फिरून प्रश्नावल्या भरून आणते, आणि तरी तिच्या हाताला काही लागत नाही. घोळ बहुतेक वेळा पहिल्या आठवड्यातच झालेला असतो.

योजना ‘घेतली’ म्हणजे काय केलं?

“सर, मी संजय गांधी निराधार घेतली.” भाजी घ्यावी तशी योजना घेतली जाते. मग पहिल्या प्रकरणात योजनेची माहिती, दुसऱ्यात उद्दिष्टं, तिसऱ्यात कागदपत्रांची यादी. ही सगळी माहिती तहसील कचेरीच्या भिंतीवर लावलेलीच असते.

योजना हे सरकारनं काढलेलं उत्तर. अभ्यासाला प्रश्न लागतो, आणि तो योजनेच्या आतच कुठंतरी खुपत असतो. निराधारांना दरमहा पैसे देणाऱ्या याच योजनेत विधवा किंवा निराधार बाईसाठी उत्पन्नाची मर्यादा वर्षानुवर्षं २१ हजार रुपये राहिली. महिन्याला १,७५० रुपये. शेतमजुरी करणारी बाई वर्षाकाठी शंभर दिवस जरी भांगलायला गेली, तरी आजच्या मजुरीच्या दरानं ती या रेषेच्या बाहेर पडते. मग पात्र ठरलेल्या बायांच्या दाखल्यावर २१ हजारांच्या आतला आकडा येतो कुठून? तलाठ्याच्या अहवालात तो कोण घालतं, कोण डोळेझाक करतं, आणि जिच्या मागे बोलणारं कोणी नाही तिच्या कागदावर किती आकडा पडतो? इथं अभ्यास सुरू झाला.

अमेरिकी राज्यशास्त्रज्ञ थॉमस डाय यांनी १९७२ मध्ये सार्वजनिक धोरणाची एक सुटसुटीत व्याख्या केली. सरकार जे करायचं ठरवतं आणि जे न करायचं ठरवतं, ते धोरण. मुलं ही व्याख्या पाठ करतात आणि तिचा दुसरा अर्धा भाग तिथंच सोडून देतात. महागाई वाढत असताना एक आकडा जागचा न हलवणं हेही धोरणच आहे, आणि त्याचा जीआर, म्हणजे शासन निर्णय, कधी निघत नाही.

वर्तुळाच्या आकृतीवर फार भरवसा नको

समस्या, अजेंडा, पर्याय, निर्णय, अंमलबजावणी, मूल्यमापन, आणि बाण फिरून पुन्हा समस्येकडे. ही धोरणचक्राची आकृती नसलेला प्रकल्प मी गेल्या कित्येक वर्षांत पाहिलेला नाही. अमेरिकेचेच राज्यशास्त्रज्ञ हॅरॉल्ड लासवेल यांनी १९५६ मध्ये निर्णयप्रक्रियेचे सात टप्पे मांडले होते. त्याच विचारातून पुढे पाठ्यपुस्तकांत हे वर्तुळ रुजलं. विषयाची तोंडओळख करून घ्यायला ते सोयीचं आहे. चूक होते ती प्रत्येक धोरण या क्रमानंच घडलं असं धरून चालण्यात.

आपल्याच सांगली जिल्ह्यातलं उदाहरण त्यात बसवून बघा. तासगाव तालुक्यातलं विसापूर. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांच्या कल्पनेतून १९६५ मध्ये या भागात मागेल त्याला काम देण्याचा प्रयोग झाला. कायदा नाही, राज्याचं धोरण नाही, आणि अंमलबजावणी सुरू! पुढे १९७२ चा दुष्काळ आला. खडी फोडायला लाखो माणसं रस्त्यावर आली तेव्हा सरकारपुढं उपाय तयार होता, फक्त छोटा होता. तो राज्यभर गेला. पैशाची सोय त्यानंतरची. १९७५ मध्ये व्यवसाय कर आला, म्हणजे शहरातल्या पगारदाराच्या खिशातून खेड्यातल्या मजुराच्या मजुरीला हातभार. आजही फेब्रुवारीच्या पगारातून ३०० रुपये कापले जातात, इतर महिन्यांत २००. प्रकल्प तपासायच्या महिन्यातच जादाचे शंभर जातात, हा योगायोग मला दरवर्षी टोचतो. रोजगार हमीचा कायदा मंजूर झाला १९७७ मध्ये आणि लागू झाला २६ जानेवारी १९७९ पासून.

क्रम लावा आता. आधी प्रयोग, मग संकट, मग पैसा, शेवटी कायदा. वर्तुळ उलटं फिरलं, नाहीतर फिरलंच नाही. हे सांगायला राज्यशास्त्रज्ञ जॉन किंग्डन यांची १९८४ मधली मांडणी जास्त उपयोगी पडते: समस्या, उपाय आणि राजकारण हे तीन प्रवाह आपापल्या वाटेनं वाहतात आणि कधीतरी एकत्र येतात, तेवढ्यापुरती धोरण बदलायची खिडकी उघडते. हरिपूरला कृष्णा-वारणेच्या संगमावर मुलांना नेऊन मी हे एकदा शिकवलं होतं. तिसरा प्रवाह त्यांना कल्पनेनं घ्यावा लागला, पण परीक्षेत कोणी विसरलं नाही.

याच विषयात आणखी एक ठरलेली गफलत. राज्याची जुनी रोजगार हमी आणि २००५ चा केंद्राचा कायदा (मनरेगा) यांना एकच समजून आकडे मिसळले जातात. राज्याच्या कायद्यात ग्रामीण भागातल्या प्रत्येक प्रौढ माणसाला कामाचा हक्क होता, दिवसांचं बंधन नव्हतं. केंद्राच्या कायद्यानं वर्षाला १०० दिवस दिले, तेही कुटुंबाला मिळून. घरात तीन कामाची माणसं असतील तर या फरकाचा अर्थ काय होतो, ते त्या घरातल्या सुनेला विचारा.

‘करण्यात यावे’ आणि ‘करण्यात आले’

ही चूक व्याकरणाची वाटते, पण सगळा प्रकल्प बुडवते. जीआरमध्ये लिहिलेलं असतं, ‘ग्रामस्तरीय समितीची दरमहा बैठक घेण्यात यावी’. विद्यार्थी ते वाक्य उतरवून घेताना लिहितो, ‘दरमहा बैठक घेण्यात येते’. आज्ञेचं वर्तमान झालं! बैठक झाली की नाही हे बघायला कोणी गेलंच नाही.

जीआर वाचायचाही एक रिवाज आहे. मुलं थेट ‘शासन निर्णय’ या मथळ्यावर उडी मारतात. आधी वरची ‘वाचा’ किंवा ‘संदर्भ’ ही यादी बघा. त्यात जुन्या निर्णयांचे क्रमांक असतात, आणि काय बदललं ते दोन कागद शेजारी ठेवल्यावरच दिसतं. प्रस्तावनेत सरकारला समस्या काय वाटते ते कळतं. ‘लोकांना माहिती नाही’ अशी समस्या मांडली असेल तर उपाय जाहिरातीचा येणार, ‘पैसा पोचत नाही’ अशी मांडली असेल तर बँक खात्याचा. मग शेवटाकडं जा आणि लेखाशीर्ष, म्हणजे अंदाजपत्रकातलं खर्चाचं खातं, शोधा. खर्च कुठल्या लेखाशीर्षातून भागवायचा हे लिहिलेलंच नसेल, तर पैसा येणार कुठून हा तुमचा पहिला प्रश्न.

आणि मग गावात जा. राज्यशास्त्रज्ञ मायकेल लिप्स्की यांनी १९८० मध्ये दाखवून दिलं की खालच्या पायरीवरचा कर्मचारी रोज जे बारीकसारीक निर्णय घेतो, त्यांतूनच लोकांच्या वाट्याला येणारं धोरण बनतं. आपल्याकडं ही माणसं म्हणजे तलाठी, ग्रामसेवक, आशाताई, अंगणवाडी सेविका. एक पूर्ण दिवस अंगणवाडीत नुसतं बसा. ताईंचा किती वेळ मुलांत गेला, किती रजिस्टरात आणि किती मोबाईलला रेंज शोधण्यात, याची घड्याळ लावून नोंद करा. पन्नास प्रश्नावल्यांत जे मिळणार नाही ते त्या एका दिवसात मिळतं.

जानेवारीत गाव अर्धंच असतं

प्रकल्प जमा करायचा फेब्रुवारीत, म्हणून सर्वेक्षण डिसेंबर-जानेवारीत. जतच्या पूर्व भागातल्या किंवा माण-खटावच्या एखाद्या गावात त्या दिवसांत जाऊन बघा. ऊसतोडीच्या टोळ्या दिवाळीच्या सुमारास निघून गेलेल्या असतात. गावात म्हातारी माणसं, काही पोरं आणि ज्यांना जायची गरज नाही अशी घरं. तिथं ‘तुम्हाला रोजगाराची अडचण आहे का?’ असं विचारलं तर उत्तर ‘नाही’ येणारच. ज्यांना अडचण होती ते फडात कोयता चालवतायत.

यावर तोडगा साधा आहे. कुलूप असलेली घरं मोजा आणि अहवालात लिहा. शेजाऱ्याला विचारा, कुठं गेले, कधी येणार. जमलं तर एखाद्या कारखान्याच्या परिसरातल्या खोपटांवर जाऊन त्याच गावची माणसं गाठा.

नमुन्याचा दुसरा घोटाळा लाभार्थी यादीचा. ग्रामपंचायतीतून यादी मिळते, विद्यार्थी खूश होतो. पण त्या यादीत ज्यांना लाभ मिळाला तीच माणसं आहेत. ज्यांचा अर्ज फेटाळला गेला, ज्यांनी अर्जच केला नाही, ती यादीत नाहीत. त्यांच्याशी बोलल्याशिवाय ‘९० टक्के लाभार्थी समाधानी’ या वाक्याला काडीची किंमत नाही.

आणि पेन्शनबद्दल म्हातारीला प्रश्न विचारला की दारातून मुलगा म्हणतो, “आई, तू थांब, मी सांगतो.” हे उत्तर त्या आईचं म्हणून लिहू नका. मुलगा बोलला अशी नोंद करा. कधीकधी सगळ्या प्रश्नावलीत तेवढीच नोंद कामाची निघते.

‘योजनेमुळे’ हा शब्द जपून वापरा

एका विद्यार्थ्यानं लिहिलं होतं, टेंभू उपसा सिंचन योजनेच्या पाण्यानं विट्याच्या आसपासच्या गावांचा कायापालट झाला. पुरावा काय, तर नवे बंगले. पाण्यानं फरक पडला यात शंका नाही. पण खानापूर-आटपाडीची माणसं कित्येक वर्षं सोन्या-चांदीच्या गलाईसाठी (सोनं-चांदी वितळवून शुद्ध करण्याच्या धंद्यासाठी) देशभर विखुरलेली आहेत आणि त्यांचा पैसा गावी येतो. बंगला पाण्याचा की गलाईचा? एकाच गावात पाणी आलेली आणि न आलेली, गलाईत असलेली आणि नसलेली अशी चार प्रकारची घरं निवडून तुलना केली असती तर निदान बोलायला जागा राहिली असती.

पावसाचंही तेच. जलयुक्त शिवार अभियान डिसेंबर २०१४ मध्ये सुरू झालं. २०१४ आणि २०१५ ही ओळीनं दुष्काळाची वर्षं, २०१६ ला पाऊस चांगला झाला. २०१६ च्या उन्हाळ्यातले टँकर पुढच्या उन्हाळ्याशी ताडून ‘अभियान यशस्वी’ म्हणणं म्हणजे ढगांचं श्रेय बंधाऱ्याला देणं. अभियान न झालेलं, पण तेवढाच पाऊस पडलेलं शेजारचं गाव शोधा.

कामांची संख्या आणि कामाचा परिणाम यांतही गल्लत होते. शौचालयं किती बांधली हा एक आकडा, वापरात किती हा दुसरा; सरपणाची लाकडं ठेवलेली शौचालयं मी स्वतः पाहिली आहेत.

किरकोळ, पण दरवर्षीच्या

डॅनिश समाजशास्त्रज्ञ एस्पिंग-अँडरसन यांचे १९९० मधले कल्याणकारी राज्याचे तीन प्रकार (उदारमतवादी, पुराणमतवादी, सामाजिक-लोकशाहीवादी) १८ श्रीमंत, औद्योगिक देशांवरून काढलेले आहेत. ‘भारत यांपैकी कुठं बसतो?’ असा तक्ता करू नका. ज्या देशात बहुतेक कामगारांच्या नावावर प्रॉव्हिडंट फंडच नाही, तिथं ती मोजपट्टी का चालत नाही, यावर दोन पानं लिहिलीत तर जास्त मार्क देईन.

‘जनजागृती करावी’ आणि ‘शासनाने लक्ष द्यावे’ या दोन शिफारशींवर मी लाल रेघ मारतो. कोणी, कुठल्या कचेरीत, कुठला कागद बदलायचा ते लिहा. सुचत नसेल तर शिफारशींचं प्रकरण गाळा.

माहितीच मिळत नसेल तर

कार्यालयात ‘साहेब नाहीत, उद्या या’ असं तीनदा ऐकलंत की माहिती अधिकाराचा अर्ज करा. १० रुपये शुल्क, उत्तराची मुदत ३० दिवस. ‘योजनेची संपूर्ण माहिती मिळावी’ असा अर्ज केला तर छापील पत्रक हातात पडतं. ‘अमुक वर्षात आलेले अर्ज, मंजूर किती, नामंजूर किती, नामंजुरीची कारणं’ असं नेमकं मागा. नाहीतर सरळ फाईल बघायला मागा. कायद्यात तशी सोय आहे आणि नोंदवही स्वतः चाळताना न विचारलेल्या गोष्टीही दिसतात. उत्तर आलं नाही तर पहिलं अपील, त्यात आणखी महिना-दीड महिना. म्हणजे फेब्रुवारीत जमा करायच्या प्रकल्पाचा अर्ज ऑक्टोबरात गेलेला बरा, दिवाळीच्या सुट्टीआधी.