रिसर्चचं पहिलं वर्ष, माझ्या 40 कुंड्या आणि 'कशाच्या तुलनेत?' हा प्रश्न

रिसर्चला नुकतीच सुरुवात केलेल्या बऱ्याच जणांशी हल्ली बोलणं होतं आणि जवळजवळ सगळ्यांचे प्रश्न सारखेच असतात, टॉपिक कुठला घेऊ, सॉफ्टवेअर कुठलं शिकू, पेपर कुठे पाठवू. मेथडबद्दल कुणी विचारत नाही. मीपण विचारलं नव्हतं. मेथडॉलॉजी म्हणजे परीक्षेपुरतं पाठ करायचा विषय असंच डोक्यात बसलेलं, त्यामुळे माझ्या बाबतीत जे झालं ते सविस्तर सांगते, नवीन येणाऱ्यांचे निदान दोन महिने तरी वाचतील.

माझा पहिला स्वतंत्र प्रयोग रोपांवरचा होता. मुळांजवळच्या मातीत सापडणारा एक बॅक्टेरिया रोपांना दिला तर वाढ जास्त होते का, एवढाच प्रश्न. 40 कुंड्या, 20 मध्ये बॅक्टेरियाचं कल्चर, म्हणजे द्रावणात वाढवलेला बॅक्टेरिया, घातलं आणि 20 मध्ये तुलनेसाठी नुसतं पाणी, हा कंट्रोल गट. दोन महिने रोज पाणी घालणं, दर आठवड्याला पट्टी घेऊन उंची आणि पानांची लांबी मोजणं, सगळं वहीत लिहिणं. शेवटी फरक इतका मोठा आला की ग्राफ काढताना मला खुर्चीत बसवेना. माझ्या गाईड मॅडमना दाखवला. त्यांनी शांतपणे बघितला आणि दोनच गोष्टी विचारल्या. कुंड्या कुठे ठेवल्या होत्यास? आणि कंट्रोलला नेमकं काय दिलंस?

बॅक्टेरियावाल्या 20 कुंड्या पुढच्या रांगेत खिडकीजवळ होत्या कारण त्या सारख्या हाताळाव्या लागायच्या, कंट्रोलच्या कुंड्या मागच्या रांगेत. म्हणजे वाढ बॅक्टेरियामुळे झाली की उजेडामुळे, सांगायला काही मार्गच नाही. दुसरं त्याहून वाईट. बॅक्टेरिया ज्या द्रावणात वाढवला होता त्यातच नायट्रोजन असतो, म्हणजे एका गटाला मी नकळत खतच देत होते आणि दुसऱ्याला नुसतं पाणी. खरा कंट्रोल म्हणजे तेच कल्चर, पण उकळून, दाबाखाली तापवून मारलेलं, म्हणजे जिवंत बॅक्टेरिया सोडून बाकी सगळं दोन्हीकडे सारखं. ही चूक आकडेमोडीतली नव्हती, मांडणीतली होती, आणि मांडणीतली चूक नंतर कुठलीही स्टॅटिस्टिक्सची टेस्ट लावून दुरुस्त होत नाही. हे एक वाक्य नोटबुकच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा असं मी सगळ्यांना सांगते.

त्या आठवड्यात मला फार वाईट वाटलं होतं, पण त्याच निमित्ताने मी रँडमायझेशन, म्हणजे कुणाला काय द्यायचं ते नशिबावर सोडायची पद्धत, कुठून आलं ते वाचायला घेतलं, आणि ते आलंय चक्क शेतातून. रोनाल्ड फिशर 1919 मध्ये इंग्लंडमधल्या रॉथमस्टेड या शेती संशोधन केंद्रात रुजू झाले, तिथे खतांच्या प्रयोगांचा वर्षानुवर्षांचा डेटा पडलेला होता आणि अडचण हीच की जमीन सगळीकडे सारखी नसते, कुठे ओल जास्त, कुठे सुपीक जास्त. कुठल्या वाफ्याला कुठलं खत हे माणसाने ठरवलं की त्याच्या सवयी आणि सोय त्यात शिरतात, म्हणून ते चिठ्ठ्या टाकल्यासारखं नशिबावर सोडा असं त्यांनी मांडलं. माझी पुढची रांग म्हणजे अगदी तीच सोय.

मग हीच गोष्ट माणसांच्या औषधांपर्यंत पोचली. 1948 मध्ये ब्रिटनमध्ये टीबीवरच्या स्ट्रेप्टोमायसिनची ट्रायल प्रसिद्ध झाली, तिची आखणी ऑस्टिन ब्रॅडफर्ड हिल यांची. युद्धानंतर औषध इतकं कमी होतं की सगळ्यांना पुरणं शक्यच नव्हतं, मग कुणाला मिळणार हे रँडम आकड्यांनी ठरलं आणि ते बंद पाकिटात ठेवलं, म्हणजे पुढचा पेशंट कुठल्या गटात जाणार हे डॉक्टरला आधी कळूच नये, कारण कळलं तर बरा दिसणारा पेशंट आपोआप औषधाच्या गटात सरकतो. एक्स-रे बघणाऱ्यांनाही कुठला एक्स-रे कुठल्या गटातला ते सांगितलं नव्हतं. सहा महिन्यांनी औषध मिळालेल्या 55 पैकी 4 जण गेले होते आणि नुसती विश्रांती मिळालेल्या 52 पैकी 14. त्याच ट्रायलमध्ये हेही दिसलं की बऱ्याच पेशंटमधले जंतू औषधाला दाद देईनासे झालेत, आणि टीबीला एकाहून जास्त औषधं एकत्र द्यायची पद्धत आली त्यामागे हे निरीक्षण आहे. मला हे वाचताना खूप भरून आलं होतं, चिठ्ठी आणि पाकीट इतक्या साध्या गोष्टी, आणि त्यावर किती लोकांचे जीव अवलंबून.

आणि तुलना केलीच नाही किंवा केलेली कुणी एकत्र करून बघितली नाही तर काय होतं त्याचं उदाहरण मी प्रत्येक नवीन मुलामुलीला सांगतेच. गेल्या शतकात साधारण पन्नासच्या दशकापासून कितीतरी देशांत तान्ह्या बाळांना पोटावर झोपवा असा सल्ला दिला जायचा, कारण पटण्यासारखं होतं, उताणं बाळ उलटी झाली तर गुदमरेल. हेतू चांगला, तर्क सरळ. पण पोटावर झोपणाऱ्या बाळांमध्ये झोपेत अचानक मृत्यूचं प्रमाण जास्त होतं, आणि 2005 मध्ये जुने अभ्यास एकत्र करून बघितले तेव्हा लक्षात आलं की हा धोका 1970 पर्यंतच्या डेटात दिसत होता. सल्ला मात्र बदलला नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला. त्या अभ्यासाचा अंदाज असा की वेळेत बघितलं असतं तर एकट्या ब्रिटनमध्ये 10,000 हून जास्त आणि युरोप, अमेरिका, ऑस्ट्रेलिया वगैरे धरून निदान 50,000 बाळं वाचली असती. म्हणून लिटरेचर रिव्ह्यू म्हणजे थिसीसची पानं भरायचं काम समजू नका प्लीज. आधी झालेलं सगळं शोधून, एकत्र मांडून बघणं हाच रिसर्च आहे, आणि मी तर म्हणेन पहिले तीन महिने तेवढंच केलंत तरी चालेल.

आता माझ्या कुंड्यांकडे परत येते. दुसऱ्यांदा प्रयोग करताना कुंड्यांना नंबर दिले, जागा रँडम आकड्यांनी ठरवली, कल्चर कुठल्या नंबरला गेलं याची यादी लॅबमधल्या एका मैत्रिणीकडे ठेवली आणि मोजमाप मी यादी न बघता केलं. खरं सांगते, पानाची लांबी मोजताना पट्टी एखाद्या मिलिमीटरने इकडे तिकडे होतेच आणि मनात उत्तर ठरलेलं असेल तर ती नेहमी एकाच बाजूला होते. यात खोटेपणा नसतो, माणसाचा डोळाच तसा आहे, म्हणून ब्लाइंडिंग, म्हणजे कुठला गट कुठला हे मोजणाऱ्याला कळू न देणं.

मोजायचं काय हे पण आधी ठरवलं. पहिल्या वेळी उंची मोजत होते कारण ते सोपं, पण उंच रोप म्हणजे निरोगी रोप असं नसतं, उजेड कमी असला तरी रोप लांबुडकं होतं, म्हणून आता वाळवून वजन. यावरून हृदयाच्या औषधांची एक ट्रायल आठवते, कास्ट नावाची. हार्ट अटॅकनंतर ज्यांचे ठोके अनियमित पडायचे त्यांना ते ठोके दाबणारी औषधं दिली जायची, ठोके सुधारतात म्हणजे जीव वाचणार असंच सगळे धरून चालले होते. ज्यांचे ठोके औषधाने खरंच दबतात असेच पेशंट त्यात घेतले होते. 1989 मध्ये त्यातली दोन औषधं मध्येच थांबवावी लागली, कारण औषध घेणाऱ्या 755 पैकी 63 जण दगावले होते आणि प्लासिबो, म्हणजे औषधासारखी दिसणारी पण औषध नसलेली गोळी, घेणाऱ्या 743 पैकी 26. ठोके सुधारत होते आणि माणसं जास्त मरत होती. तेव्हा जे मोजायला सोपं ते मोजताय की जे खरंच महत्त्वाचं ते, हा प्रश्न प्रयोग चालू करायच्या आधी गाईडबरोबर बसून अर्धा दिवस घालवून सोडवा.

आणि ठरलेलं तारीख टाकून लिहून ठेवा, कुठला मुख्य आकडा, किती सँपल, कुठली टेस्ट. कारण डेटा आला की मोह होतो. पी व्हॅल्यू म्हणजे खरा फरक नसताना निव्वळ योगायोगाने एवढा किंवा याहून मोठा फरक दिसायची शक्यता. तिची 0.05 ची रेघ धरली आणि एकमेकांशी संबंध नसलेल्या 20 गोष्टी तपासल्या, तर प्रत्यक्षात काहीच फरक नसतानाही निदान एक तरी 'सिग्निफिकंट', म्हणजे त्या रेघेच्या खाली, निघायची शक्यता साधारण 64 टक्के असते. मग ती एकच पेपरात जाते आणि बाकीच्या 19 वहीत राहतात. 2015 मध्ये मानसशास्त्रातले 100 अभ्यास पुन्हा करून बघितले होते, मूळ पेपरांपैकी 97 टक्क्यांमध्ये रिझल्ट सिग्निफिकंट होता, पुन्हा केल्यावर 36 टक्क्यांमध्ये. त्या सगळ्यांनी लबाडी केली असं मी अजिबात म्हणणार नाही, छोटी सँपल आणि नंतर ठरवलेले प्रश्न एवढं पुरतं.

माणसांवर काम करणार असाल तर एथिक्स कमिटीचा फॉर्म कटकट समजून भरू नका. अमेरिकेत टस्कीगी इथे 1932 ते 1972, सिफिलिस असलेल्या 399 कृष्णवर्णीय पुरुषांना खरी माहिती न देता नुसतं बघत राहिले, पेनिसिलिन हा नेहमीचा उपचार झाल्यावरसुद्धा ते दिलं नाही. आणि वर ज्या टीबी ट्रायलचं मी इतकं कौतुक केलं तिथेही कंट्रोल गटातल्या पेशंटना आपण कंट्रोल आहोत हे सांगितलेलं नव्हतं, आज हे चालणार नाही आणि चालूही नये. संमतीपत्र समोरच्याच्या भाषेत, त्याला कळेल असं लिहा, वाचून दाखवा, नाही म्हणाला तर थँक्यू म्हणून उठा.

माझ्या दुसऱ्या प्रयोगात फरक जवळजवळ गायब झाला. होता तो इतका थोडा की योगायोग म्हणूनही खपला असता. मला वाटलं आता थिसीसमध्ये काय लिहायचं, पण मॅडम म्हणाल्या दोन्ही प्रयोग लिही, पहिला का फसला त्यासकट, कुंड्यांच्या जागेचा नकाशा जोडून. तसंच लिहिलं. साधारण दीड वर्षाने दुसऱ्या लॅबमधल्या एका मुलीचा मेल आला, ती तोच बॅक्टेरिया वापरणार होती आणि तिने विचारलं होतं की मारलेलं कल्चर नेमकं कसं तयार केलं, किती वेळ तापवलं. मी वहीची ती दोन पानं स्कॅन करून पाठवली.