फार्रोचं सॅलड आदल्या रात्री करताय? या चुका टाळा

फार्रो म्हणजे इटलीतला खपली गहू. उन्हाळ्यात इटलीत घरोघरी होणारं फार्रोचं सॅलड आदल्या दिवशी करता येतं, म्हणून तर ते डब्याला, सहलीला नेतात. पण बहुतेक जण सगळंच आदल्या रात्री कालवून ठेवतात आणि सकाळी डब्यात लगदा निघाला की फार्रोला नावं ठेवतात.

मीही हे करून बसले आहे. इटलीत लुक्का शहरात असताना आम्ही चार-पाच मराठी कुटुंबं १५ ऑगस्टला जमायचो. त्याच दिवशी तिथे फेर्रागोस्तोची सुट्टी, बहुतेक दुकानं बंद, त्यामुळे सगळं आदल्या दिवशीच करायचं. मी किलोभर फार्रो शिजवला, वाफ निघत असतानाच त्यात टोमॅटो, मोझरेला चीज, बेसिल, लिंबाचा रस घातला आणि घट्ट झाकण लावलं. दुसऱ्या दिवशी झाकण उघडलं तर मोझरेलाच्या गुठळ्या, काळी पडलेली बेसिलची पानं आणि टोमॅटोचं पाणी पिऊन टम्म फुगलेले, बेचव दाणे. वासही आंबूस. सगळं टाकावं लागलं. वीस माणसं जेवायची होती. आजही आठवलं की जीव हळहळतो.

तेव्हापासून मी फार्रो निथळला की थेट परातीत पसरते. दाणे एकावर एक नकोत. दोन चमचे ऑलिव्ह तेल घालून हाताने हलकेच चोळते, म्हणजे ते चिकटत नाहीत. थंड पाण्याखाली धुत नाही, कारण धुतलं की मीठ जातं आणि पाणी मात्र राहतं. पूर्ण गार झाल्यावर डब्यात भरून फ्रिजमध्ये. रात्रभर ओट्यावर ठेवू नका, शिजलेलं धान्य तसं ठेवणं धोक्याचं.

रात्री फार्रोत जायला हरकत नाही ती ऑलिव्ह आणि केपर्सची (केपर्स म्हणजे खारवलेल्या कळ्या). मिठातले केपर्स आधी दहा मिनिटं पाण्यात ठेवा, नाहीतर सॅलड खारट होतं. टोमॅटो सकाळी चिरा, मीठ लावून वीस मिनिटं चाळणीत ठेवा. खाली जमलेला रस टाकू नका, तेल-व्हिनेगरमध्ये तोच घाला. मोझरेला निथळून, बेसिल हाताने तोडून, दोन्ही वाढायच्या वेळी. आणि बेसिलच्या जागी आपली तुळस घालू नका, चव पार वेगळी.

दाणे फ्रिजमध्ये रात्रीतून मीठ आणि आंबट शोषून घेतात. म्हणून सकाळी चाखल्याशिवाय वाढायचं नाही. अर्धा तास आधी बाहेर काढा, गारठलेल्या तेलाला चव नसते.

आता कुकर. "दोन शिट्ट्यांत होतं की" म्हणणाऱ्यांशी मी वाद घालून थकले आहे. फार्रो म्हणजे आपली खपलीच. तोस्कानातल्या (टस्कनीतल्या) गार्फान्याना भागाचा प्रसिद्ध फार्रो आणि सांगली-साताऱ्याकडची खपली एकाच जातीचे गहू. खिरीसाठी खपली कुकरमध्ये फुटेपर्यंत शिजवतो ते बरोबरच, खिरीत दाणा फुटायलाच हवा. सॅलडमध्ये तो दाताखाली लागायला हवा. उघड्या पातेल्यात, लिटरला दहा ग्रॅम मीठ घातलेल्या भरपूर उकळत्या पाण्यात शिजवा. पॉलिश केलेला, म्हणजे 'पेर्लातो', भिजवावा लागत नाही, वीस-पंचवीस मिनिटं पुरतात. कोंड्यासकटचा आधी काही तास भिजवा आणि चाळीस मिनिटं तरी धरून चाला. अठराव्या मिनिटापासून मी दर दोन मिनिटांनी एक दाणा चावून बघते. मधोमध किंचित कडक लागला की गॅस बंद. घाई असेल त्या दिवशी हे सॅलड करूच नका, पोहे करा.

इथे खपलीचं करायचं असेल तर खिरीसाठी टरफल काढलेली मिळते ती घ्या. ती रात्रभर भिजवून, वेळ न बघता, दाणा चावूनच ठरवा.