राजदूताची रोजनिशी कशी वाचावी

सोळाव्या ते अठराव्या शतकातील युरोपीय राजदूतांची पत्रे आणि रोजनिशा वाचताना आपले विद्यार्थी बहुधा थेट तहाच्या कलमांकडे वळतात आणि खुर्च्या, टोप्या, पायऱ्या यांची वर्णने गाळतात. माझे आग्रहाचे सांगणे आहे की आधी मानपान वाचावा.

प्रथम कोऱ्या कागदावर दरबाराचा आराखडा काढावा आणि कोण बसले, कोण उभे राहिले, दूत कोठपर्यंत गेला याच्या खुणा कराव्यात. सरावासाठी आपल्या मुलखाजवळचा प्रसंग घ्यावा. इंग्लंडच्या पहिल्या जेम्सचा दूत सर टॉमस रो नोव्हेंबर १६१५ मध्ये बुऱ्हाणपुरात मोगल बादशहा जहांगीरचा मुलगा शहजादा परवेझ याला भेटला. मोगलांची खडकीच्या (आजचे छत्रपती संभाजीनगर) मलिक अंबराशी, म्हणजे निजामशाहीच्या वजिराशी, झुंज तेव्हा चालूच होती आणि पुढच्याच वर्षी जालन्याजवळ रोषणगावला लढाई झाली. रोने जमिनीला डोके टेकवण्यास नकार दिला, वर येऊन शहजाद्याजवळ उभे राहण्याची परवानगी मागितली, ती नाकारल्यावर खुर्ची मागितली आणि तीही मिळाली नाही. मात्र छत पेलणाऱ्या चांदीने मढवलेल्या खांबाला टेकण्याची मुभा सौजन्य म्हणून मिळाली. हा खांब आराखड्यात ठळक काढावा, कारण दोन्ही बाजूंचा मान तेथेच राखला गेला.

मग लिहिणाऱ्याचा वाचक कोण होता ते शोधावे. रोच्या वकिलातीचा खर्च ईस्ट इंडिया कंपनी करत होती, त्यामुळे आपण वाकलो नाही हे कागदावर येणे त्याला आवश्यक होते. जहांगीरच्या आत्मचरित्रात मात्र रोचा उल्लेखच नाही. हे मौनही समासात नोंदवावे.

रोचा हट्ट उद्धटपणाचा होता, असे घाईने ठरवू नये. युरोपात राजदूत हा प्रत्यक्ष राजाच्या ठिकाणी मानला जाई. १६६१ मध्ये लंडनमध्ये स्वीडनच्या दूताच्या आगमनाच्या मिरवणुकीत पुढची जागा मिळवण्यासाठी स्पेन आणि फ्रान्सच्या दूतांच्या गाड्यांबरोबरची माणसे भिडली, माणसे आणि घोडे मारले गेले, आणि पुढच्या वर्षी स्पेनला फ्रान्सचा राजा चौदावा लुई याच्यापुढे माघार घ्यावी लागली. पोळ्याला वेशीतून मानाची जोडी आधी कोणाची, यावरून ताणलेले गाव ज्याने पाहिले आहे, त्याला यातले गांभीर्य वेगळे समजावून सांगावे लागणार नाही.

शेवटी, असा पेच कसा सोडवला गेला तेही पाहावे. ऑटोमन तुर्क आणि त्यांच्याशी लढणाऱ्या युरोपीय सत्ता यांच्यातील १६९९ च्या कार्लोविट्झच्या तहाच्या वाटाघाटींसाठी चार दारांची इमारत उभारली होती, म्हणजे कोणालाही दुसऱ्याच्या मागून आत शिरावे लागू नये. तिचा आराखडा काढून झाल्यावर तहाची कलमे वाचायला घ्यावीत.