एका मायक्रोफोनवर श्रुतिका: जुन्या रेडिओ-नटांची पद्धत

1930 आणि 1940च्या दशकांत अमेरिकेतले रेडिओ-नट एकाच मायक्रोफोनभोवती उभे राहून अर्ध्या तासाचं नाटक थेट प्रक्षेपित करत. चूक झाली तर दुसरी संधी नसे. ती पद्धत आजही वापरता येते, आणि ऐकणाऱ्याच्या मनात जागा उभी करायला तिच्यासारखं साधन नाही.

आरसीए कंपनीच्या 44सारखे रिबन (धातूची पातळ पट्टी असलेले) मायक्रोफोन पुढून-मागून सारखंच ऐकतात, दोन्ही कडांना मात्र जवळजवळ बहिरे असतात. म्हणून दोन नट समोरासमोर उभे राहून एकमेकांकडे बघत बोलू शकत. संवाद जिवंत वाटायचं ते एक मोठं कारण. आज 'फिगर-एट' (म्हणजे अशीच पुढून-मागून ऐकण्याची) सोय असलेला कोणताही मायक्रोफोन घ्या. जुना रिबन असेल तर फँटम पॉवर (केबलमधून मायक्रोफोनला मिळणारा वीजपुरवठा) बंद ठेवा आणि तपासायला म्हणून त्यात फुंकर मारू नका. आतली धातूची पट्टी जेमतेम काही मायक्रॉन जाडीची असते, ती ताणली की काम बिघडलं. भिंतीपासून किमान दीड मीटर अंतर सोडा, नाहीतर मागची बाजू भिंतीवरून परतलेला आवाज टिपते.

आता खरा अभिनय, म्हणजे अंतर. साध्या बोलण्याला 30 ते 45 सेंटिमीटर. कुजबुज किंवा स्वगत असेल तर 15, पण तोंड किंचित तिरकं धरा. समोरून बोललात तर 'प', 'फ', 'भ' धडाधड आदळतात. इतक्या जवळ खर्ज आपोआप फुगतो. प्रेमाच्या किंवा कटकारस्थानाच्या प्रसंगात तो हवाच असतो, पण हाच नट पुढच्या वाक्याला तिथेच उभा राहिला तर सगळं नाटक कानात बोलल्यासारखं होतं. ओरडायचं असेल तर एक मीटर मागे सरका, मान वळवा आणि खरोखर ओरडा. दबक्या गळ्याने काढलेली आरोळी लगेच ओळखू येते. नवखे नट भावनेच्या भरात नेमके पुढे सरकतात. पायाशी चिकटपट्टीच्या खुणा करा.

पात्र दुरून येत असेल तर बहिऱ्या कडेला दोन मीटरवर उभं राहून बोलायला लागा आणि तीन-चार पावलांत वळसा घेऊन समोर या. जाताना उलट. चपला काढा, खाली जाड गालिचा हवा. खोली घुमणारी असेल तर ही युक्ती फसते, कारण प्रतिध्वनी मागच्या-पुढच्या बाजूने आत शिरतो आणि पात्र न्हाणीघरात असल्यासारखं वाटतं. भिंतींवर जाड गोधड्या लटकवा.

संहितेला टाचणी किंवा स्टेपल नको. एका बाजूला छापलेले सुटे कागद, दुप्पट ओळअंतर, आणि वाक्य पानाच्या शेवटी तुटता कामा नये. वाचून झालेलं पान गालिच्यावर अलगद सोडून द्या.

एकाने अनेक भूमिका करणं नेहमीचं होतं. विनोदी नट जॅक बेनीच्या रेडिओ-कार्यक्रमात आवाजाचे कलाकार मेल ब्लँक बेनीच्या जुनाट मॅक्सवेल मोटारीची धाप, पोपट, व्हायोलिनचे गुरुजी आणि रेल्वेचा उद्घोषक, सगळं करत. फक्त आवाजाची पट्टी बदलून दोन माणसं वेगळी वाटत नाहीत. गती, श्वासाची जागा आणि जबड्याची ठेवणही बदला. एकाच नटाची दोन पात्रं लागोपाठ बोलणार नाहीत, असं वाटप करा. असाच आवाज निवडा जो घसा न खरवडता टिकेल. त्या काळी अनेक कार्यक्रम पश्चिम किनाऱ्यासाठी तीन तासांनी पुन्हा थेट सादर व्हायचे.

शेवटच्या तालमीत प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात घड्याळाची वेळ लिहा. दिग्दर्शकाच्या खुणा पाठ हव्यात: बोट गोल फिरवलं तर वेग वाढवा, हात ताणल्यासारखे लांब केले तर रेंगाळा, नाकावर बोट म्हणजे वेळ बरोबर. उत्तरार्धात गाळता येतील अशी वीस-तीस सेकंदांची दोन ठिकाणं आधीच पेन्सिलीने चौकटीत टाका. नाटक लवकर संपलं तर उरलेली सेकंदं शेवटचं संगीत लांबवून भरा, संवाद ओढून नव्हे.