ग्लासवालं नायलॉन वाकत होतं, असं सरळ केलं
रत्नागिरीत मिरजोळे एमआयडीसीत आमचं प्लास्टिक मोल्डिंगचं काम. बोटीच्या इंजिनाचं एक लांबट कव्हर, ३०% ग्लासवालं (काचेचे बारीक तंतू, म्हणजे फायबर, मिसळलेलं) नायलॉन ६, डायमधून (साच्यातून) सरळ निघायचं आणि थंड झालं की वाकायचं. होल्डिंग प्रेशर (साचा भरल्यावर धरून ठेवायचा दाब) वाढवलं, कूलिंग टाइम वाढवला, फरक शून्य. मग मोल्डफ्लो या मोल्डिंगच्या सिम्युलेशन सॉफ्टवेअरमध्ये फायबर ओरिएंटेशन (तंतूंची दिशा) धरून वॉर्पचं, म्हणजे वाकण्याचं, गणित चालवलं, कारणं वेगवेगळी काढून बघितली तर कूलिंगचा वाटा किरकोळ, खरा वाक फायबरमुळेच, कारण फायबर फ्लोच्या दिशेनं झोपतात, तिकडे श्रिंकेज (थंड होताना आकसणं) कमी आणि आडवं जास्त. मधला गेट (प्लास्टिक साच्यात शिरतं ते तोंड) टोकाला घेतला आणि पार्ट एकदम सरळ! वाकण्याची कारणं वेगळी काढून दाखवणारं हे मोल्डफ्लोचं फीचर खरंच वापरा. फक्त आपल्याकडच्या पावसाळ्यात नायलॉनचा दाणा ८० डिग्रीला नीट सुकवा, नाहीतर ओलाव्यामुळे पार्टवर चंदेरी रेघा येणारच.