बदलीची ऑर्डर आली की पहिल्या दोन दिवसांत काय करायचं, माझा अनुभव

कर्नाटकात सरकारी नोकरीला नवीन लागलेल्या आपल्या खानापूर, निपाणी, बेळगावकडच्या पोरांसाठी लिहितोय, कारण मला हे कुणी सांगितलं नव्हतं.

मी खानापुरात एसडीए, म्हणजे द्वितीय दर्जा सहायक (कारकून) होतो. येऊन दीड वर्ष पण झालं नव्हतं आणि एका दुपारी ऑर्डर आली, बदली अथणीला, म्हणजे जिल्ह्याच्या पार दुसऱ्या टोकाला, घरी आई आजारी. माझ्या जागेवर येणारा माणूस अर्ध्या तासात हजर, साहेब म्हणाले सही करा, मी घाबरून सीटीसीवर, म्हणजे चार्ज सोपवल्याच्या दाखल्यावर, सही केली आणि चार्ज देऊन मोकळा झालो. चूक तिथंच झाली. दुसऱ्या दिवशी बेळगावला वकीलसाहेबांकडे गेलो तर त्यांचा पहिलाच प्रश्न, "रिलीव्ह झालास काय रे?" हो म्हटल्यावर ते गप्पच बसले. कारण समोरच्यानं चार्ज घेतला की स्टे मिळणं फार अवघड होतं, "जैसे थे" म्हणजे मग तोच त्या खुर्चीत.

म्हणून ऑर्डर आली की आधी ती नीट वाचा. कन्नड कच्चं असेल तर ऑफिसातल्या जाणकाराकडून ओळ न् ओळ समजून घ्या, लाजू नका, सगळा खेळ त्या कागदावरच आहे. एका जागेवर राहायची ठरलेली मुदत पूर्ण व्हायच्या आधी बदली केली असेल तर कारण लिहिलंय का आणि मुख्यमंत्र्यांची आधी मंजुरी घेतलीय का ते बघा. राज्य सरकारच्या बदल्यांना सरकारी आदेशातली मार्गसूची लागते, शिक्षकांचा मात्र वेगळा कायदा आहे, 2020 चा. त्याच दिवशी खात्याला मनवी, म्हणजे विनंती अर्ज, लिहा, इनवर्ड नंबर आणि शिक्का घ्या, झेरॉक्स जपून ठेवा.

केस कुठं घालायची यात पण लोक फसतात. राज्य सरकारी नोकर असाल तर डायरेक्ट हायकोर्टात जाता येत नाही, आधी केएसएटी, म्हणजे कर्नाटक राज्य प्रशासकीय न्यायाधिकरण, त्याचं खंडपीठ आता बेळगावातच आहे, बेंगळूरची रात्रीची गाडी पकडायची गरज राहिली नाही. तिथं हरलात तर मग धारवाडला हायकोर्ट, सुप्रीम कोर्टाच्या 1997 च्या चंद्रकुमार निकालापासून हा क्रम पक्का आहे. पोस्टातले, रेल्वेतले लोक केंद्राच्या कॅटमध्ये, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात, जातात. आणि तुमच्या जागेवर आलेल्या माणसाला केसमध्ये पार्टी (प्रतिवादी) करायला विसरू नका, त्याचं म्हणणं ऐकल्याशिवाय पुढं काही हलत नाही.

आता खरं सांगतो, "घर लांब पडतंय, बायको इथं नोकरीला आहे" एवढ्यावर कोर्ट बदली रद्द करत नाही. सुप्रीम कोर्टानं 1991 च्या शिल्पी बोस आणि 1993 च्या अब्बास केसमध्ये स्पष्टच सांगितलंय, बदली हा नोकरीचाच भाग आहे, नियम मोडला असेल किंवा आकसानं केली असेल तरच हात घालणार. आकस म्हणायचा तर कुणाचा ते नाव घेऊन, त्याला पार्टी करून, पुराव्यासकट सांगावं लागतं. ऑफिसात कुणीतरी म्हणत होतं म्हणून लिहिलं तर उलट तुमचीच केस पडते.

आणखी एक, स्टे नसताना घरी बसू नका. आमच्यातल्या एकानं महिनाभर जॉईनच केलं नाही, पगार थांबला, वर गैरहजेरीची नोटीस आली, बदली राहिली बाजूला आणि तो चौकशीतच अडकला. मी अथणीला जॉईन झालो, खोली घेतली, आईला बहिणीकडं ठेवलं आणि तिथूनच केस चालवली.

मला स्टे मिळाला नाही. पण मुदतीआधीची बदली आणि मंजुरीचा कागद नाही हा मुद्दा टिकला, खात्यानं माझ्या मनवीवर ठराविक मुदतीत निर्णय घ्यावा असा आदेश झाला आणि शेवटी बेळगावातली एक रिकामी जागा मिळाली. अकरा महिने गेले त्यात. आता रोज खानापूर-बेळगाव अप-डाऊन करतो, संध्याकाळी सातपर्यंत आईजवळ पोचतो.